मॅगझिन, भाता व नेमबाजी : भंडारा जिल्ह्यांतील संग्राहकांकरितां एक टिपण

भंडारा जिल्ह्यांतील जुन्या मालगुजारांच्या वाड्यांतून मोडी दप्तरें पाहण्याचा योग संग्राहकांस पुष्कळदां येतो. रुमालांतील कागद, गांवचे नकाशे व तलावांच्या पाण्याविषयींचे अर्ज यांच्याच पेटाऱ्यांत कधीं कधीं दारूचें शिंग, ठासणीचा गज, गंजलेलें पिस्तूल, किंवा पिस्तुलावांचून पडलेलें नुसतें काडतुसांचें मॅगझिनही आढळतें. कागदांची यादी कशी करावी हें आपणांस ठाऊक आहे; या शेवटच्या वस्तूची नोंद कोणत्या सदरांत करावी, याविषयीं मात्र घोटाळा होतो. दुसरीकडे, मूळ कारखान्याहून निराळ्या कारखान्यानें केलेलें व अधिक काडतुसें मावणारें मॅगझिन पिस्तुलास लावून हौसेनें निशाणावर गोळ्या झाडण्याची चाल परदेशांत आहे, आणि आपल्याकडील तरुण नेमबाजही तिच्याविषयीं विचारतात. दोन्ही प्रश्न वस्तुतः एकाच वस्तूचे असल्यामुळें त्यांचा एकत्र विचार करण्याचें आम्हीं योजिलें आहे. आमचें म्हणणें थोडक्यांत असें कीं, मॅगझिनचें मोठेपण युद्धाच्या गरजेंतून निघालें, नेमबाजीच्या विद्येस त्याची गरज फार थोडी, आणि कायद्याच्या दृष्टीनें ती निरुपद्रवी डबी नव्हे.

प्रथम शब्द पाहूं. ‘मॅगझिन’ याचें मूळ अरबी ‘मख्जन’ म्हणजे साठवणाची जागा हें होय. तो शब्द युरोपांतील भाषांतून फिरत इंग्रजींत आला. त्याच धातूपासून झालेला ‘खजिना’ हा शब्द फारशीच्या वाटेनें आपल्या दप्तरांत फार पूर्वीं येऊन बसला; म्हणजे हे दोन शब्द सख्खे भाऊ ठरतात. १७३१ सालीं लंडनांत ‘जंटलमन्स मॅगझिन’ निघालें, तेव्हांपासून हें नांव लेखांच्या साठवणासही लागलें. आतां साठवण म्हणजे भांडार, आणि भांडारावरून भंडारा, अशी जोड लावण्याचा मोह कोणासही होईल. गांवच्या नांवाची ती व्युत्पत्ति लोकांत सांगतातही. परंतु रतनपूरच्या जाजल्लदेवाच्या शिलालेखांत, कलचुरि संवत् ८६६ म्हणजे इ. स. १११४ मध्यें, ‘भाणार’ असें नांव आलें असून विद्वान् तें भंडाऱ्याचेंच मानतात. नुसत्या शब्दसादृश्यावर इतिहास रचूं नये, हा धडा येथें मिळतो व तो पुढेंही उपयोगीं पडेल.

या प्रांतांत ठासणीच्या बंदुकीस ‘भरमार’ म्हणतात. भरावी आणि मारावी, असा तिचा सगळा व्यवहार नांवांतच आहे. प्रत्येक बारास दारू, गोळी व गज यांची पुनरावृत्ति करावी लागे. साठवण होती ती शिकाऱ्याच्या कमरेस, बंदुकींत नव्हे. काळ्या दारूची काजळी नळींत व यंत्रांत सांचत असल्यामुळें बारीक भागांची स्वयंचलित योजना फार काळ नीट चालणें कठीण होतें. १८८४ सालीं फ्रान्समध्यें पॉल व्हिएय यानें धुराविरहित दारू सिद्ध केली व ही अडचण दूर झाली. त्यानंतर थोड्याच वर्षांत मॅगझिनचीं पिस्तुलें निघालीं. १८९६ च्या माउझर पिस्तुलांत सामान्यतः दहा काडतुसें रहात, व ब्राउनिंगच्या १९०० च्या नमुन्यांत सात. महाराष्ट्राच्या इतिहासांत या जातीच्या शस्त्राचें नांव गाजलें तें १९०९ सालीं. सावरकरांनीं लंडनहून गुप्तपणें पाठविलेलीं वीस ब्राउनिंग पिस्तुलें, आणि त्याच वर्षीं २१ डिसेंबर रोजीं नाशिकास अनंत कान्हेरे यांनीं केलेला जॅक्सनचा वध, हे प्रसंग वाचकांस परिचित आहेत.

मॅगझिनची रचना साधी आहे. पत्र्याच्या डबींत तळाशीं स्प्रिंग, तिच्यावर काडतुसें वर ढकलणारी पट्टी, आणि तोंडाशीं आंत वळविलेले दोन ओठ, एवढेंच तिचें साहित्य. काडतुसें एकावर एक सरळ न रचतां डावीउजवीकडे आळीपाळीनें रचलीं तर तेवढ्याच लांबींत अधिक मावतात. या युक्तीनें १९३५ च्या ब्राउनिंग हाय-पॉवर पिस्तुलांत तेरा, व १९८२ च्या ग्लॉक पिस्तुलांत सतरा काडतुसें बसविलीं गेलीं. हीं दोन्ही पिस्तुलें सैन्याच्या मागणीकरितां झालीं, हें ध्यानांत ठेवावें. पुढें इतर कारखान्यांनीं मूळ मॅगझिनचा तळ लांबवून किंवा स्प्रिंग बदलून अधिक भरण्याचीं मॅगझिनें खुल्या बाजारांत आणलीं. त्यांचे दोषही रचनेंतूनच निघतात. स्प्रिंग दुबळी असली तर पुढचें काडतूस वेळेवर वर येत नाहीं. ओठ किंचित् वांकले तरी काडतूस तिरपें शिरून पिस्तूल अडतें. साठा वाढला म्हणजे काम वाढलेंच असें नाहीं.

ज्या खेळांत मोठ्या मॅगझिनास खरोखर स्थान आहे तो अलीकडचा आहे. १९७६ सालीं अमेरिकेंतील कोलंबिया येथें त्याची आंतरराष्ट्रीय संस्था स्थापन झाली. त्यांत नेमबाज धांवत, वळत अनेक निशाणें टिपतो व वेळेचा हिशेब गुणांत धरला जातो. मॅगझिन पुन्हां भरण्यांत गेलेला क्षण तोट्याचा ठरतो. तरी तेथेंही मर्यादा आहे. सर्वांत सैल वर्गांतसुद्धां मॅगझिनची लांबी १७० मिलिमीटरपेक्षां अधिक चालत नाहीं. खुद्द अमेरिकेंत १९९४ पासून २००४ पर्यंत, दहांहून अधिक काडतुसांचीं नवीं मॅगझिनें सामान्य नागरिकांस विकण्यास मनाई होती.

ऑलिंपिक स्पर्धांची गोष्ट याहून निराळी. पंचवीस मीटरांच्या शीघ्र-पिस्तूल स्पर्धेंत नेमबाजानें आठ, सहा व चार सेकंदांत पांच पांच गोळ्या झाडावयाच्या असतात, व एका वेळीं पांचच काडतुसें भरावयाचीं. स्त्रियांच्या पंचवीस मीटर पिस्तुलांतही पांचांचाच पाठ चालतो. कोल्हापूरच्या राही सरनोबत यांनीं २०१८ च्या आशियाई खेळांत याच प्रकारांत सुवर्णपदक मिळविलें. अशा ठिकाणीं सतरांचें मॅगझिन लावलें तरी बारा जागा रिकाम्याच रहाणार.

येथें महाभारताचें स्मरण होतें. आदिपर्वांत द्रौपदीस्वयंवराच्या पणांत यंत्राच्या छिद्रांतून लक्ष्य वेधण्यास बाण सांगितले आहेत ते ‘दशार्ध’, म्हणजे पांच. आणि अर्जुनानें उचलले तेही पांचच. याच अर्जुनास खांडवदाहाच्या वेळीं दोन अक्षय भाते मिळाले. पण ते युद्धाकरितां. द्रोणानें परीक्षा घेतली तेव्हां तर एकाच बाणानें पक्ष्याचें शिर पाडावयाचें होतें. आजच्या स्पर्धेंतील पांच गोळ्या महाभारतांतून निघाल्या, असें आम्ही म्हणत नाहीं. वर भंडाऱ्याच्या नांवाविषयीं दिलेला इशारा आम्हांसही लागू आहे. एवढेंच खरें कीं, अक्षय भात्याचा अधिकार रणास व मोजक्या बाणांचा अधिकार परीक्षेस, हा भेद आपल्या ग्रंथकारांस स्पष्ट दिसत होता.

आतां संग्राहकांच्या प्रश्नाकडे वळूं. १८७८ च्या शस्त्रकायद्यानें ‘शस्त्र’ या संज्ञेंत धनुष्यबाण तर घातलेच, पण शस्त्रांचे सुटे भागही घातले. १९५९ चा कायदा, जो १ ऑक्टोबर १९६२ पासून अमलांत आला, त्यानेंही भागांचा समावेश कायम ठेवला. निषिद्ध शस्त्राची व्याख्या करतांना या कायद्यानें काडतुसांची संख्या धरलेली नाहीं. चाप दाबून धरला असतां मॅगझिन रिकामें होईपर्यंत गोळ्या सुटत रहातात कीं नाहीं, हें पाहिलें आहे. शिवाय ९ मिलिमीटर हा सैन्याच्या काडतुसाचा बोअर आपल्याकडे निषिद्धांत मोडतो, आणि परदेशीं बाजारांतील मोठीं मॅगझिनें बहुतेक त्याच बोअरचीं असतात. मग सामान्य परवानाधारकास त्यांचा उपयोग काय? कलम ४५ अन्वयें जुन्या धाटणीच्या, पुराणवस्तु म्हणून मोल असलेल्या किंवा मोडक्या शस्त्रांस सवलत आहे. पण दुरुस्त करूनही तें बंदुकीसारखें चालूं नये, अशी अट आहे. २०१९ च्या दुरुस्तीनें एका व्यक्तीजवळ ठेवावयाच्या बंदुकांची मर्यादा तिनांवरून दोनांवर आणली, व वारशानें आलेल्या शस्त्रांसही ती लागू केली. म्हणून पेटाऱ्यांत सुटें मॅगझिन आढळल्यास तें कुतूहलानें खिशांत घालूं नये. मालकाच्या समक्ष त्याचें वर्णन, मापें व खुणा टिपून घ्याव्या, आणि परवान्याचा पत्ता नसेल तर मालकास पोलीस ठाण्यांत किंवा परवानाधारक विक्रेत्याकडे तें जमा करण्यास सांगावें. कलम २१ त्याचकरितां आहे.

या जिल्ह्यास ही चर्चा परकी नाहीं. जवाहरनगरच्या आयुधनिर्माणींत तोफा-बंदुकींच्या काडतुसांस लागणारी प्रक्षेपक दारू तयार होते, आणि २४ जानेवारी २०२५ रोजीं तेथील स्फोटांत कामगारांचे प्राण गेले. काडतुसाचें खरें मोल त्या घरांतील मंडळी जाणतात; हौसेनें मॅगझिनें रिकामीं करणारानें तें विसरूं नये.

असो. संग्राहकांस शेवटीं एक विनंति आहे. वाड्यांतील जुन्या शस्त्रांहून त्यांचे परवाने आम्हांस अधिक मोलाचे वाटतात. धारकाचें नांव, शस्त्राचें वर्णन व बाळगावयाच्या काडतुसांची संख्या त्यांवर लिहिलेली असते. भरमार जाऊन मॅगझिन केव्हां आलें, तें कोणाच्या घरीं आलें, व सरकारनें किती काडतुसें मंजूर केलीं, हें त्या कागदांवरून गांवोगांव ठरवितां येईल. गोंदिया १ मे १९९९ रोजीं निराळा जिल्हा झाला असला तरी जुन्या परवान्यांच्या शोधांत दोन्ही जिल्हे एकच धरावे. असे कागद ज्यांच्या पाहण्यांत येतील त्यांनीं मूळ कागद जागच्या जागीं राहूं देऊन त्यांच्या नकला अवश्य करून ठेवाव्या.