पोलिसाच्या वहीतले पूर्वज

अकोले तालुक्यातल्या महादेव कोळी घराण्याला आपल्या दोनशे वर्षांपूर्वीच्या माणसांविषयी लेखी काही वाचायचे असेल, तर बहुतेक वेळा त्या माणसांचा पाठलाग करणाऱ्यांचेच लिखाण उघडावे लागते. कॅप्टन अलेक्झांडर मॅकिंटॉश हा कंपनी सरकारचा फौजी अधिकारी. रामोशांचे बंडखोर पुढारी उमाजी नाईक यांना पकडण्याच्या मोहिमेत तो होता आणि त्यांच्या फाशीनंतर लवकरच, 1833 साली, त्याने रामोशांवरचे पुस्तक मुंबईत छापले. सह्याद्रीतल्या कोळ्यांचे बंड मोडण्यातही त्याचा हात होता, आणि त्याच दशकात त्याने महादेव कोळ्यांवर दीर्घ निबंध लिहिला. पुढे 1884 साली जेम्स कॅम्पबेलच्या संपादनाखाली अहमदनगर जिल्ह्याचे गॅझेटियर निघाले, त्यातल्या कोळ्यांच्या माहितीचा मोठा आधार हाच निबंध. गोविंद गारे यांच्यासारख्या समाजातल्याच अभ्यासकालाही मॅकिंटॉशला टाळून पुढे जाता आले नाही. गुन्ह्याच्या बंदोबस्तासाठी जमवलेली माहिती अशी एका समाजाची वंशकथा होऊन बसली. ही पुस्तके फेकून द्यावीत असे अनेकांना वाटते. माझे म्हणणे उलट आहे. ती उलटतपासणी घेत वाचली, तर न्यायाच्या बाजूने त्यांच्याइतकी भक्कम साक्ष दुसरी नाही.

साक्षीदार आपल्या बाजूला अडचणीचे ठरेल असे काही सांगतो, तेव्हा त्याच्या शब्दाला वजन येते. मॅकिंटॉशला आणि गॅझेटियरकारांना कोळी ‘उपद्रवी’ ठरवायचे होते. तरीही त्यांच्याच पानांवर चोवीस मूळ कुळांची यादी आहे, मावळांवरचे नाईक आहेत आणि राजूरच्या जावजी नाईक बांबळ्यांची हकिगत आहे. जावजी पेशवाईत बंड करून उठले. दरबाराने त्यांचा पिच्छा पुरवला, पण शेवटी तुकोजी होळकरांच्या मध्यस्थीने समेट झाला आणि साठ गावांचा बंदोबस्त त्यांच्याच हाती आला. 1789 साली मृत्यू येईपर्यंत तो त्यांच्याकडे होता. कालचा बंडखोर आज बंदोबस्ताचा अधिकारी, ही त्या राज्यव्यवस्थेची रीतच होती. डोंगरातली वाट, घाट आणि किल्ला राखायचा तर तो ज्याला ठाऊक आहे त्याच्याशी करार करावा लागे, आणि करार मोडला की बंड हा तो पुन्हा मागण्याचा मार्ग असे. 1818 नंतर कंपनीने किल्ल्यांवरच्या शिबंद्या मोडल्या, नाईकांच्या नेमणुकांना कात्री लावली, आणि बंडाचा अर्थच पालटला. जे काल वाटाघाटीचे कारण होते ते आता फौजदारी कलमाखाली आले. दहा-बारा वर्षांत रामजी भांगरे आणि रामा किरवा उठले. रामा किरवांना नगरला फाशी झाली. ही कारणपरंपरा कोणा अभिमानी वंशजाने रचलेली नाही. ती बंड मोडणाऱ्यांनीच नोंदवली आहे.

यापेक्षाही मोलाचा भाग या समाजाच्या स्वतःच्या न्यायव्यवस्थेचा आहे, आणि तो फारच कमी वाचला जातो. मॅकिंटॉशने कोळ्यांच्या गोतर्णीचे तपशील टिपले. जातीचे आणि आचाराचे तंटे सोडवणारी ही सभा. तिचे सहा मानकरी, आणि त्यांची पदे वंशपरंपरेने चालत. रगतवान हा प्रमुख, चौकशीचा हुकूम त्याचा; मेटाल त्याचा दुय्यम; साबळा गावोगाव फिरून चौकशी करणारा. वाळीत टाकलेल्याच्या दारावर ढाल्या झाडाची फांदी लावी, हाडक्या मेलेल्या गाईचे हाड बांधी, आणि मडक्या शुद्धीच्या वेळी हजर राहून घरातली मातीची भांडी काढून घेई. चौकशी, निवाडा, शिक्षा आणि परत घेण्याचा विधी अशी ही पूर्ण साखळी आहे. तिच्यातले वाळीत टाकणे क्रूर होते आणि त्याचा गौरव करण्याचे कारण नाही. पण ज्या माणसांना इंग्रजी अमलाने कायदा न जाणणारे रानटी ठरवले, त्यांच्याकडे प्रत्येक पायरीला वेगळा जबाबदार माणूस नेमलेला होता, हे त्या अमलाच्या अधिकाऱ्यानेच लिहून ठेवले. निष्कर्ष त्याचा खोटा पडतो तो त्याच्याच पुराव्याने.

यावर पहिला आक्षेप असा की, पकडणाऱ्याने विचारले आणि भ्यालेल्याने सांगितले, मग त्या माहितीत खरे किती? आक्षेप रास्त आहे. कोणी नाव लपवले असेल, कोणी शत्रूच्या घराण्यावर आळ घातला असेल. म्हणून त्या पानांतल्या दोन थरांना वेगळे तोलावे लागते. स्वभाव, वृत्ती, नीती यांवरचे शेरे हे लिहिणाऱ्याचे मत आहे आणि पुरावा म्हणून त्यांची किंमत शून्य. कुळे, गावे, नेमणुका, पदे यांची गोष्ट निराळी. ती गॅझेटियरबरोबरच मराठी दप्तरांशी आणि आजही घराघरांत सांगितल्या जाणाऱ्या कुळकथांशी ताडून पाहता येतात. समाजातल्या आठवणी हाच खरा इतिहास, बाकी सगळे परक्याचे, असे मानणाऱ्यांनाही हेच सांगावे लागेल. आठवण शौर्य जपते, नेमणूक कधी बंद झाली ते सहसा विसरते. आणि अन्याय सिद्ध करायला ती नेमणूकच लागते.

दुसरा आक्षेप अधिक जड आहे. रामजींचे पुत्र राघोजी भांगरे, देवगावचे. 1840च्या दशकात त्यांच्या टोळ्यांनी सावकारांवर हल्ले केले. 2 जानेवारी 1848 रोजी लेफ्टनंट गेलने त्यांना पंढरपुरात पकडले आणि 2 मे रोजी ठाण्याच्या तुरुंगात त्यांना फाशी झाली. आज ते आद्यक्रांतिकारक म्हणून पूजले जातात. मग ज्या सावकारांची घरे लुटली गेली त्यांचे काय? त्या घराण्यांनाही पूर्वज आहेत आणि त्यांचे दुःख खरे आहे. ते झाकून लिहिलेला इतिहास अपुरा राहील. पण न्याय मोजायचा तर पुढचे पानही उलटावे लागते. 1875 साली नगर जिल्ह्याच्याच पारनेर, श्रीगोंदे भागात कुणब्यांनी सावकारांचे कर्जरोखे हिसकावून जाळले. सरकारने धरपकड केली, तशी चौकशीसाठी आयोगही नेमला, आणि 1879 साली दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कायदा केला. कर्जाच्या जाचाने माणूस हिंसेकडे वळतो हे तेव्हा सरकारने मान्य केले. जाच तीस वर्षांपूर्वीही होता, पण डोंगरातल्या कोळ्याची तक्रार ऐकायला आयोग बसला नाही.

त्याच सरकारला 1857च्या धामधुमीत डोंगर राखायला माणसे हवी झाली, तेव्हा नटॉल या इंग्रज अधिकाऱ्याच्या हाताखाली सहाशे महादेव कोळ्यांची पलटण उभी राहिली. तिचा प्रमुख नेमला तो पुन्हा एक जावजी नाईक बांबळे, त्याच घराण्याचे नाव लावणारा. राघोजींना फासावर चढवून तेव्हा दहा वर्षेही झाली नव्हती. गरज सरली आणि 1861च्या मार्चमध्ये पलटण मोडली. कोळी जन्मतःच गुन्हेगार वृत्तीचे असते, तर हत्यारे देऊन त्यांच्यावर घाट सोपवण्याचे धाडस कोणी केले नसते. नेमणूक मिळाली तेव्हा ते रखवालदार होते, काढून घेतली तेव्हा दरोडेखोर ठरले, आणि या दोन्ही वेळच्या नोंदी एकाच गॅझेटियरात काही पानांच्या अंतरावर छापलेल्या आहेत.