जुन्या टीव्ही बॉक्सचं फर्मवेअर: पुसायचं कधी, लिहायचं कधी?

मुंबईच्या घरी नवा टीव्ही आला की जुना स्ट्रीमिंग बॉक्स गणपतीत गावी येतो. आमच्या तळ्यात असे बॉक्स मी बरेच पाहिलेत. वर्षभर बंद असलेला बॉक्स लावला की तो आधी विचारतो, अपडेट करू का? बाहेर पाऊस, लाईट ये-जा करतेय. ‘हो’ म्हणायचं का? उत्तरासाठी थोडं मागे जाऊ.

‘फर्मवेअर’ हा शब्द 1967 साली ॲशर ऑप्लर यांनी रूढ केला. हार्डवेअर आणि सॉफ्टवेअर यांच्या मधलं, म्हणून ‘फर्म’. 1971 मध्ये इंटेलच्या डोव फ्रोहमन यांनी ईप्रॉम आणली. तिच्यावरचं जुनं पुसायला चिपच्या काचेच्या खिडकीतून अतिनील किरण सोडावे लागत. हे घरी जमणारं काम नव्हे. 1984 मध्ये तोशिबाच्या फुजिओ मासुओका यांनी फ्लॅश मेमरी जगापुढे मांडली. आता विजेनेच पुसायचं, विजेनेच लिहायचं.

सोय झाली, पण धोकाही आला. जुनं पुसलं आणि नवं लिहिताना लाईट गेली, तर सुरू कसं व्हायचं हेच बॉक्सला कळत नाही. 2016 च्या अँड्रॉइड 7.0 ने दोन प्रतींची सोय दिली: एक चालू, दुसरीवर नवं लिहायचं. फसलं तर जुनी आहेच. पण बऱ्याच जुन्या बॉक्समध्ये एकच प्रत असते. जून 2020 चं निसर्ग वादळ पाहिलेल्या रायगडकरांना लाईटचा भरवसा मी काय सांगू?

मग अपडेट टाळायचं? तेही नको. सप्टेंबर 2024 मध्ये ‘व्हॉइड’ नावाचा व्हायरस जगभरातल्या सुमारे 13 लाख अँड्रॉइड बॉक्समध्ये सापडला.

आणि 9 मार्च 2025 ला दुसऱ्या पिढीचे क्रोमकास्ट अचानक अडले. बिघाड काहीच नव्हता. आतल्या डिजिटल प्रमाणपत्राची मुदत संपली होती. गूगलने सांगितलं, फॅक्टरी रिसेट करू नका. ज्यांनी आधीच केला, त्यांना बॉक्स पुन्हा जोडताच येईना. बाकीच्यांना काही दिवसांत अपडेट मिळालं.

तेव्हा मंडळी, अपडेट कराच, पण इन्व्हर्टरवर किंवा लाईट स्थिर असताना. फाईल घ्यायची तर कंपनीकडूनच, आणि मॉडेल नंबर तंतोतंत जुळवून. अपडेट चालू असताना प्लगला हात नको. बॉक्स अडला तर रिसेट सगळ्यात शेवटी.

भेटू पुढच्या भागात!