कल्याणीचे हरीण आणि आपली प्रेमकथा

गाणगापूरला जाणारे गोमंतकीय दत्तभक्त पुष्कळ आहेत. पण कलबुर्गी जिल्ह्यातल्या त्या क्षेत्रावरून पुढे बीदर जिल्ह्यात, बसवकल्याणपर्यंत वाट वाकडी करणारे थोडेच. खरे तर हे गाव आपल्या सोयऱ्यांचे. कल्याणीच्या चालुक्यांची ही राजधानी. सहाव्या विक्रमादित्याची (१०७६ ते ११२६) कन्या मैललदेवी ही गोव्याच्या दुसऱ्या जयकेशी कदंबाची राणी होती.

काश्मीरचा बिल्हण कवी याच विक्रमादित्याच्या दरबारी होता. ‘चौरपंचाशिका’ हे विरही प्रियकराचे काव्य परंपरेने त्याच्या नावावर आहे. पुढे ११३० च्या सुमारास विक्रमादित्याचा पुत्र तिसरा सोमेश्वर याने ‘मानसोल्लास’ रचला. कांडताना ओव्या गाणाऱ्या महाराष्ट्रातील स्त्रियांचा त्यात उल्लेख असल्याने मराठीच्या अभ्यासकांना हा ग्रंथ परिचयाचा आहे. पण त्यात मृगयेचाही भाग आहे आणि पाळलेले हरीण पुढे करून रानातल्या हरणाला भुलवण्याची युक्तीही आहे. म्हणजे हरणाला कशाची ओढ असते, हे राजाने बारकाईने पाहिले होते. पण ते मारण्यासाठी!

बीदरच्या माळावर आजही काळवीट दिसतात. माजावर आलेला नर जमिनीचा एक तुकडा आपला म्हणून राखतो, डोळ्याखालच्या ग्रंथीचा वास झुडपांना लावतो, शिंगे पाठीवर टेकवून, नाक वर करून मादीपुढे मिरवतो. मादी मात्र शांतपणे चरत फिरते आणि निवड तीच करते. आपल्या कथाकादंबऱ्यांत नायिका ‘हरिणाक्षी’ असते, नायकाला पाहून बावरते आणि त्याने निवडले की सुखी होते. खऱ्या हरिणीकडे पाहिले असते तर निदान तिला निवडायचा हक्क दिला असता.

पण इथे एक अडचण आहे. काळवीट जोडीने संसार करत नाहीत. पाडसाला वाढवते ती एकटी मादी. जन्माची साथ पाहायची तर सारसांकडे जावे. ती जोडी मिळून घरटे बांधते, आळीपाळीने अंडी उबवते आणि एका सुरात साद घालते. मग हरणाच्या जोडप्याची जुनी काव्ये खोटी म्हणायची काय?

मला तसे वाटत नाही. सातवाहन राजा हाल याच्या नावावरील ‘गाथासप्तशती’त एक प्रसंग आहे. हरीण आणि हरिणी एकमेकांना वाचवण्यासाठी बाणापुढे येतात. ते पाहून व्याधाला रडू येते आणि त्याच्या हातून धनुष्य सुटते. माझ्या मते ही गाथा हरणांपेक्षा व्याधाबद्दल जास्त सांगते.

प्रेमकथा लिहिणाऱ्याने सोमेश्वरासारखे बारकाईने पाहावे, पण त्या व्याधासारखे धनुष्य खाली ठेवावे. ओढीच्या खुणा नुसत्या ओळखून वाचकाला गळाला लावणारे लेखन पुष्कळ आहे. तेही एक पाळलेले हरीणच!