इंग्लंडच्या गारठ्यातले सरडे: मूळचे कोण, उपरे कोण?

सरडा म्हटला की तापलेला खडक आणि वैशाखातले ऊन आठवते. मग ब्रिटनसारख्या ढगाळ, गार बेटावर सरडे पोहोचले तरी कसे?

चालत. सुमारे ११,७०० वर्षांपूर्वी हिमयुग सरले, तेव्हा ब्रिटन बेट नव्हतेच. ते युरोपशी जमिनीने जोडलेले होते. सुमारे ८,००० वर्षांपूर्वी समुद्राने ती वाट बुडवली. तोवर जे आले ते ‘मूळचे’ ठरले. अशा जाती तीनच: कॉमन लिझर्ड, सँड लिझर्ड आणि बिनपायांचा, सापासारखा दिसणारा स्लो वर्म. आयर्लंडपर्यंत तर यांपैकी एकटा कॉमन लिझर्डच पोहोचला.

थंड प्रदेशात सरड्यापेक्षा त्याच्या अंड्यांचे जगणे अधिक कठीण. जमिनीत पुरेशी ऊब नसेल तर ती उबत नाहीत. कॉमन लिझर्डची मादी म्हणून अंडी पोटातच वाढवते, ऊन खात त्यांना ऊब देते आणि थेट पिल्लांना जन्म देते. या एका युक्तीवर ही जात आर्क्टिक वृत्तापलीकडेही नांदते. स्लो वर्मचाही मार्ग तोच.

सँड लिझर्ड मात्र उघड्या, उन्हाने तापणाऱ्या वाळूत अंडी घालतो. डॉर्सेटची माळराने (थॉमस हार्डीच्या कादंबऱ्यांतली, तीच) शेती, वनलागवड आणि घरबांधणीखाली आक्रसत गेली, तसतसा हाही आक्रसला.

याच दक्षिण किनाऱ्यावर विसाव्या शतकात नवा पाहुणा स्थिरावला: वॉल लिझर्ड. वाइट बेटावरील व्हेंटनरचे सरडे फुटलेल्या जहाजातून आले, अशी दंतकथा सांगतात. जनुकांचा पुरावा अधिक रूक्ष आहे: ब्रिटनमधील बहुतेक वसाहतींचे मूळ फ्रान्स आणि इटलीत असून त्यांना माणसानेच आणून सोडले. पोर्टलंडच्या दगडखाणी, दक्षिणाभिमुख भिंती, उन्हाचे कडे. माणसाने कोरलेल्या दगडावर त्यांनी बस्तान बसवले. २०१५ मधील एका अभ्यासात तर असे दिसले की, इथल्या माद्या अंडी अधिक काळ पोटात ठेवतात आणि त्यांतील गर्भ अधिक वेगाने वाढतो. काही दशकांत एवढा बदल!

स्थानिक सरड्यांना हे उपरे हुसकावतील, ही भीती आहेच. १९८१ च्या वन्यजीव कायद्याने सँड लिझर्डला संरक्षण दिले आणि वॉल लिझर्डला मोकळे सोडणे गुन्हा ठरवले.

इंग्लिश खाडीतील जर्सी बेटावर मात्र तोच वॉल लिझर्ड मूळचा मानला जातो. तिथे त्याचे घर म्हणजे मॉन्ट ऑर्गेल या मध्ययुगीन किल्ल्याची तटबंदी.