शनवार तेल्यांचें घर

आपल्या मानपाड्यापासून जवळच, ठाणें शहरांत, बेने इस्रायलांचें १८७९ सालचें प्रार्थनामंदिर उभें आहे. नवगांवच्या किनाऱ्यावर गलबत फुटलें, त्यांतून वांचलेल्यांचे हे वंशज, अशी त्यांची परंपरा. कोंकणांत त्यांनीं तेलाचा धंदा केला. शनिवारीं घाणा बंद, म्हणून ते ‘शनवार तेली’ ठरले. मराठी त्यांची मायबोली झाली.

१९४८ नंतर बहुतेक इस्रायलास गेले. तेथें धर्मपीठानें त्यांच्या यहुदीपणाविषयींच शंका घेतली. झगडून १९६४ सालीं त्यांनीं बरोबरीचा मान मिळविला.

मुसलमान घरांत नांदलेल्या आपल्या बेने इस्रायल आजीचें कूळ धुंडीत अमेरिकेच्या सादिया शेपर्ड कोंकणांत आल्या. २००८ सालीं त्यांचा माहितीपट निघाला. माणसाचें घर एकच असावें, हा हट्ट इतिहासास मान्य नाहीं.