मामंजी, कांदेपोहे आणि पहिली भेट

आज कर्नाटकात असलेल्या बेळगाव-निपाणीच्या पट्ट्यातल्या जुन्या मराठी घरांत सून सासऱ्याला ‘मामंजी’ म्हणे आणि सासूला ‘आत्याबाई’. हे शब्द महाराष्ट्रातही चालत, पण त्यांचे मूळ कुठे आहे ते इथे शेजारच्या कानडी घरात डोकावले की लगेच दिसते. कानडीत ‘माव’ म्हणजे मामा आणि सासराही. ‘अत्ते’ म्हणजे आत्या आणि सासूही. ‘अळिय’ म्हणजे भाचा आणि जावईही. दोन नात्यांना एकच शब्द, कारण ती दोन्ही नाती बऱ्याचदा एकाच माणसात असत. मराठीने त्याला ‘जी’ आणि ‘बाई’ची जोड देऊन थोडे अंतर राखले, एवढेच. आता जिचा सासरा खरोखरच मामा आहे आणि जिची सासू लहानपणी तिची वेणी घालत होती, त्या मुलीला ‘बघायला’ कोण येणार? या मुलखात नवरानवरीची पहिली भेट हा प्रसंगच उशिरा जन्माला आला. ज्याला आपण डोळे झाकून जुनी परंपरा म्हणतो तो मुलगी पाहण्याचा कार्यक्रम फार तर शेसव्वाशे वर्षांचा असावा. परक्यांशी सोयरीक करण्याची वेळ आली तेव्हा लोकांनी शोधलेली ती एक सोय होती. आज बेळगावच्या कॉलेज रोडवरच्या कॅफेत दोन अनोळखी माणसे कॉफी घेत एकमेकांचा अंदाज घेतात, ती त्याच सोयीची धाकटी पाती.

मामाच्या मुलीशी लग्न हा दक्षिणेचा जुना रिवाज. बौधायन धर्मसूत्राने दक्षिणेकडच्या लोकांच्या वेगळ्या चालींची यादी दिली आहे, तिच्यात मामाची मुलगी आणि आत्याची मुलगी करणे येते. चौदाव्या शतकात विजयनगरच्या माधवाचार्यांना या चालीचे शास्त्राधाराने समर्थन करावेसे वाटले, म्हणजे तेव्हाही ती जोरात असणार. इरावती कर्वे यांनी १९५३ च्या ‘किनशिप ऑर्गनायझेशन इन इंडिया’ या ग्रंथात महाराष्ट्र हा उत्तर आणि दक्षिण यांच्या मधला सांधा मानला आहे: मामाची मुलगी पुष्कळ जातींत चालते, आत्याची मुलगी करायला मात्र अनेक ठिकाणी नकार, आणि जसजसे दक्षिणेकडे जावे तसतसे नियम सैल होत जातात. बेळगाव-निपाणीचा सीमाभाग त्या सैल टोकाला. थोरल्या बहिणीची मुलगी करण्याची चालही इथल्या कानडी घरांत अपरिचित नाही. हे मनात ठेवून ‘संगीत सौभद्र’ आठवावे. १८८२ साली रंगभूमीवर आलेल्या या नाटकाचे कर्ते अण्णासाहेब किर्लोस्कर बेळगाव जिल्ह्यातल्या गुर्लहोसूरचे. अर्जुन कुंतीचा मुलगा, सुभद्रा वसुदेवाची मुलगी, आणि कुंती-वसुदेव सख्खी भावंडे. म्हणजे मराठी रंगभूमीवरचे सर्वांत लाडके प्रेमप्रकरण हे मामाच्या मुलीचे आहे. पुण्याच्या प्रेक्षकाने ते पुराणातले म्हणून गोड मानले असेल. गुर्लहोसूरच्या माणसाला ते शेजारच्या वाड्यातले वाटले असणार.

नात्यात लग्न होत नसे तिथेही वधूवरांची भेट नव्हती, कारण वय. १८९१ च्या संमतिवयाच्या कायद्याने दहाची मर्यादा बारावर नेली तेवढ्यावरून देशभर रण माजले होते, यावरून मुली किती लहान असत ते कळते. आठ-दहा वर्षांच्या मुलीशी बोलायचे काय आणि तिला विचारायचे काय? बोलणी बापांची होत. सुपारी फुटे, मुलीला कुंकू लावून साखर वाटली जाई आणि काम पक्के होई. महादेव गोविंद रानडे यांच्याशी रमाबाईंचे लग्न १८७३ साली झाले तेव्हा त्या अकरा वर्षांच्या होत्या. नवऱ्याशी झालेले पहिले बोलणे त्यांनी आपल्या आठवणींत नोंदवले आहे, आणि ते लग्न लागल्यानंतरचे आहे. योगायोग असा की त्याच वर्षाच्या डिसेंबरात पुण्यात पहिला सत्यशोधक विवाह लागला. जोतीराव फुले यांनी त्या पद्धतीसाठी रचलेल्या मंगलाष्टकांत वधू आणि वर एकमेकांशी बोलतात. वधू स्त्रियांच्या हक्कांचे मागते आणि वर वचन देतो. पहिला संवाद लग्नाच्या आधी नेता येत नव्हता, म्हणून फुल्यांनी तो निदान लग्नाच्या आत आणला. नवरानवरीने बोलायला हवे, ही अपेक्षाच तेव्हा नवी होती. बेळगावात १८३१ साली जन्मलेल्या बाबा पदमनजींच्या ‘यमुनापर्यटन’मध्ये, म्हणजे १८५७ साली, यमुना आणि तिचा नवरा प्रवासात एकमेकांशी विचारविनिमय करतात तेही याच अपेक्षेचे रूप. पण तेही नवराबायको. बोलणे लग्नाच्या अलीकडे यायला अजून दोन पिढ्या जायच्या होत्या.

ते अलीकडे कशाने आले? एक कारण रेल्वे. सदर्न मराठा रेल्वे १८८० च्या दशकात बेळगावात आली आणि मिरज, पुणे, धारवाड इथली स्थळे आवाक्यात आली. दुसरे कारण नोकरी. बदलीच्या नोकरीतल्या कारकुनाला, मास्तराला, ओव्हरसियरला मामाच्या गावची निरक्षर मुलगी पुरेनाशी झाली आणि मुलीच्या बापालाही पगारदार जावई हवासा वाटू लागला. तिसरे आणि सर्वांत जड कारण वय. १९२९ चा सारडा कायदा १ एप्रिल १९३० पासून लागू झाला आणि मुलीचे वय चौदा, मुलाचे अठरा ठरले. (मराठीत त्याला ‘शारदा कायदा’च म्हणतात, आणि देवलांच्या ‘संगीत शारदा’ नाटकावरून नाव पडले असे समजणारे आजही भेटतात, नाव अजमेरच्या हरबिलास सारडांचे.) बेळगाव-निपाणी ब्रिटिश मुलखात, तर पलीकडचे कागल कोल्हापूर संस्थानात. कायदा ब्रिटिश हिंदुस्थानाचा होता आणि संस्थानी हद्दीत जाऊन लग्न उरकण्याची पळवाट देशभर चालली. तरी शाळांनी आणि कायद्याने मिळून वय वर ढकललेच. चौदा-सोळा वर्षांची, चार इयत्ता शिकलेली, परक्या गावची मुलगी. तिच्या घराण्याची माहिती फक्त मध्यस्थाच्या तोंडून. अशी मुलगी डोळ्यांनी पाहिल्याखेरीज कोण करील?

कार्यक्रमाच्या सामानाकडेच बघा, त्याचे वय कळते. ट्रे, कपबशी, चहा. आपल्याकडच्या गावोगावच्या स्वयंपाकघरांत चहा शिरला तो विसाव्या शतकात. तोवर पाहुण्याला गूळपाणी दिले जाई. तेव्हा चहाचा ट्रे हातात घेऊन मान खाली घालून येणारी मुलगी चहापेक्षा जुनी असू शकत नाही. तीच गोष्ट स्टुडिओत काढलेल्या फोटोची, जो आधी पाठवला जाई आणि नकार आला की टपालाने परत येई. बैठकीच्या खोलीत सतरंजी, पाहुण्यांच्या मागे उघडझाप करणारा पडदा. मुलगी पोह्यांच्या बशा ठेवते, पाटावर बसते. नाव काय, शिक्षण किती, स्वयंपाक येतो का, शिवणटिपण? वाचून दाखव म्हणून वर्तमानपत्र पुढे केले जाई, सुईत दोरा ओवायला दिला जाई, आणि पाय अधू नाही ना हे बघायला ‘जरा आतून पाणी आण गं’ म्हटले जाई. नजर, अक्षर आणि चाल, तिन्हींची परीक्षा झाली, आणि ‘परीक्षा’ हा शब्द कोणी उच्चारला नाही. गल्लीच्या दुसऱ्या टोकाला कानडी घरी हेच ‘हेण्णु नोडोदु’ म्हणून चाले. तिथे पोह्यांच्या जागी उप्पीट आणि शिरा. भाषा बदलली, बशीतला पदार्थ बदलला, प्रश्न तेच राहिले. दोन्ही समाजांना एकाच वेळी एकच अडचण आली, त्याचीच ही खूण.

यावर आक्षेप येईल की वधूपरीक्षा तर गृह्यसूत्रांत आहे. आहे. आश्वलायनाने मातीचे आठ गोळे करायला सांगितले आहेत: दुपिकी शेताची माती, गोठ्याची, यज्ञवेदीची, न आटणाऱ्या डोहाची, जुगाराच्या जागेची, चव्हाट्याची, नापीक जमिनीची आणि स्मशानाची. मुलीने त्यातला एक उचलायचा, आणि ती कोणती माती उचलते त्यावरून तिची संतती कशी निघेल ते ठरायचे. पण ही कौल लावण्याची रीत आहे. इथे मुलगी काय बोलते, कशी हसते, किती शिकली याला काडीची किंमत नाही. प्रश्न नशिबाला विचारलेला आहे. पाहण्याच्या कार्यक्रमात निदान प्रश्न मुलीला विचारला जातो, मग तो कितीही अपमानास्पद असो. दुसरा आक्षेप उलट बाजूचा: कष्टकरी समाजात तरुण मंडळी शेतावर, जत्रेत, सौंदत्तीच्या डोंगरावर एकमेकांना बघतच होती, त्यांना कसली पहिली भेट? हे अगदी खरे आहे, आणि माझ्या म्हणण्याला बळकटीच देते. निपाणीच्या तंबाखू वखारींत हजारो बायका राबत. त्यांनी उभारलेल्या लढ्यावर युगांतर या चित्रपट-गटाने १९८२ साली ‘तंबाखू चाकिला ओब आली’ हा माहितीपट केला. रोज सकाळी डबा घेऊन रस्त्याने वखारीत जाणारी मुलगी पडद्यामागे ठेवलेली नव्हती. तिची चाल आणि नजर गावाने पाहिलेली होती. पाहण्याचा कार्यक्रम हा ज्यांच्याकडे बैठकीची खोली होती त्यांचा सोहळा. वरच्या जातींकडून, नोकरदारांकडून तो खाली झिरपला, आणि झिरपताना ‘आपली परंपरा’ हे लेबल लावून आला.

तिसरा आक्षेप जास्त जड आहे, आणि तो झटकून टाकता येत नाही. डेटवर दोघे आपल्या मर्जीने येतात, दोघेही नाही म्हणू शकतात; कार्यक्रमात नकार द्यायचा हक्क एकाच बाजूला असे. गोविंद बल्लाळ देवलांच्या ‘संगीत शारदा’त, १८९९ साली, भद्रेश्वर दीक्षित दलाली करतो, कांचनभट पैशाला भुलतो, म्हातारा भुजंगनाथ नवरा व्हायला तयार आणि शारदेला कोणी विचारत नाही. पोह्यांच्या कार्यक्रमाने एवढे नक्की केले की मुलाला मुलीचे आणि मुलीला मुलाचे तोंड दिसू लागले. समानता मात्र त्याने आणली नाही. लागोपाठ दहा स्थळांसमोर बसवलेल्या मुलीला तो कसा वाटला असेल, यावर वाद घालण्याचे कारण नाही. पण नकाराचा हक्क कॅफेत आपोआप आला असेही नाही. तो शिकलेल्या आणि कमावत्या मुलींनी बैठकीच्या खोलीतच मिळवला. १९३० साली किर्लोस्करवाडीहून ‘स्त्री’ मासिक निघू लागले. त्यामागचे शंकरराव किर्लोस्कर ज्या घराण्यातले, त्याचा कारखाना बेळगावातल्या सायकलच्या दुकानापासून सुरू झाला होता. लग्नात मुलीची पसंती हा विषय त्या मासिकाने मध्यमवर्गीय घरात उघडपणे बोलण्याजोगा केला. पुढे बेळगावात संसार करणाऱ्या इंदिरा आणि नारायण संत या कवी दांपत्याने १९४० साली दोघांच्या कविता एकत्र छापल्या आणि पुस्तकाला नाव दिले ‘सहवास’. ‘पाहणे’ या शब्दापासून ‘सहवास’ या शब्दापर्यंतचे अंतर एका पिढीने कापले होते. मग ‘दोघांना जरा बोलू द्या’ म्हणून वडीलधारे गच्चीकडे बोट दाखवू लागले. गच्चीवरची ती दहा मिनिटे हीच इथली पहिली डेट, असे मला वाटते.

१९५६ च्या १ नोव्हेंबरला बेळगाव आणि निपाणी म्हैसूर राज्यात गेली आणि या सगळ्याला सीमाभागाचा स्वतंत्र रंग चढला. सोयरिकीचे जाळे कोल्हापूर, गडहिंग्लज, चंदगड, आजऱ्यापर्यंत पसरलेले; राज्यांची सीमा त्याच्या मधून गेली. रोटीबेटी थांबली नाही, पण बैठकीत नवे प्रश्न आले: मुलांची शाळा कुठल्या माध्यमाची, नोकरीला दाखला कुठल्या राज्याचा, मुलगी कानडी शिकेल का? याच सीमेने तरुणांना भेटायची एक जागाही दिली, हा गंमतीचा भाग. निपाणी कर्नाटकात, आणि गावाला लागून असलेले अर्जुननगरचे देवचंद कॉलेज कागल तालुक्यात, म्हणजे महाराष्ट्रात. निपाणीची मुले-मुली रोज राज्य ओलांडून एका वर्गात बसत आली. बेळगावात लिंगराज कॉलेज १९३३ पासून होतेच. १९६३ साली मेडिकल कॉलेज आले, १९७९ साली गोगटे इन्स्टिट्यूट, १९९८ साली विश्वेश्वरय्या विद्यापीठ. सारडा कायद्याच्या १९७८ च्या दुरुस्तीने मुलीचे लग्नाचे वय अठरा झाले होते. आता शिक्षणाने ते पंचविशीकडे नेले. पंचविशीतल्या इंजिनियर मुलीला सुईत दोरा ओवून दाखव म्हणायची कोणाची छाती होईल?

तरी अपेक्षा फार हलल्या आहेत असे दिसत नाही. बेळगावच्या किल्ला तलावाच्या काठी किंवा राजहंसगडावर भेटणारी दोघे पॅकेज विचारतात, पुण्याला-बंगळूरला यायची तयारी विचारतात, आईवडील बरोबर राहणार का ते आडून विचारतात. मोबाईलवर आधी गेलेला फोटो स्टुडिओतल्या फोटोसारखाच रंग उजळून घेतलेला असतो. चहाचे पैसे मुलीच्या बापाऐवजी आता मुलगा देतो, किंवा निम्मे-निम्मे. पडद्यामागे आई नसते, पण ‘कसा आहे?’ असा मैत्रिणीचा मेसेज टेबलाखाली येत असतो. आणि बोलणे जरा रंगले की इकडच्या माणसाच्या तोंडून एक जुना प्रश्न हमखास निघतो: तुझ्या मामाचं गाव कुठलं? पूर्वी तो नाते निघावे म्हणून विचारत. आता नाव-गाव ऐकून दोघे मनातल्या मनात हिशेब करतात, कुठे नाते निघत तर नाही ना, आणि निघाले नाही की निर्धास्तपणे दुसरी कॉफी मागवतात.