आज्ञा आणि आज्ञापालन

न्यायाधीश निकाल लिहितो, पण तो अंमलात आणणारे हात दुसऱ्यांचे असतात. बेलिफ, पोलीस, तुरुंगाधिकारी आणि त्यांच्या मागे उभे असलेले सरकार, एवढ्यांनी मान तुकविली तरच त्या कागदाला हुकमाचे मोल येते. हे हात आखडले गेले म्हणजे काय होते, याचा प्रत्यय मुंबई इलाख्याला १८२८-२९ साली आला.

त्या काळी मुंबईत राजाच्या सनदेने स्थापन झालेले सुप्रीम कोर्ट होते. ते १८२४ साली सुरू झाले. पेशवाई बुडाल्यापासून पुण्याकडील मुलुखावर मात्र कंपनी सरकारचा अंमल चालत असे आणि तेथे कंपनीच्या अदालती होत्या. या दोन सत्तांची सीमा नेमकी कोठे, हे कोणी नि:संदिग्ध ठरविले नव्हते.

अशा स्थितीत मोरो रघुनाथ नावाच्या चौदा वर्षांच्या मुलाचे प्रकरण उद्भवले. पुण्यातील त्याचे पालक पांडुरंग रामचंद्र यांनी त्याला अडकवून ठेवले आहे, अशी तक्रार मुंबईच्या न्यायालयापुढे आली. मुलाला समक्ष हजर करावे, असे हेबियस कॉर्पसचे आज्ञापत्र निघाले. गव्हर्नर सर जॉन माल्कम यांना हे रुचले नाही. दक्षिणेतील मानकऱ्यांवर सुप्रीम कोर्टाचे हुकूम बजावले जाऊ लागले, तर नव्या राज्याची घडी विसकटेल, असे त्यांचे मत होते. असली आज्ञापत्रे अंमलात येऊ दिली जाणार नाहीत, असे त्यांनी ३ ऑक्टोबर १८२८ च्या पत्राने न्यायाधीशांना कळविले.

मुख्य न्यायाधीश सर एडवर्ड वेस्ट ऑगस्टमध्येच निवर्तले होते. ऑक्टोबरमध्ये सर चार्ल्स चेंबर्सही वारले. उरले एकटे सर जॉन पीटर ग्रांट. हुकमामागे सरकारचे बळ उभे राहत नाही, असे पाहून त्यांनी १ एप्रिल १८२९ रोजी न्यायालयाचे कामच बंद केले. या भांडणाशी ज्यांचा काडीमात्र संबंध नव्हता, अशा मुंबईकर पक्षकारांनाही त्याची झळ लागली.

प्रकरण लंडनला गेले. मे १८२९ मध्ये प्रिव्ही कौन्सिलने ग्रांट यांच्या विरुद्ध मत दिले. मुंबईबाहेर राहणाऱ्या आणि त्या न्यायालयाच्या अधिकाराखाली न येणाऱ्या माणसावर असे आज्ञापत्र काढता येत नाही, असा त्याचा आशय होता. म्हणजे कायदा माल्कम यांच्या बाजूचा ठरला. तथापि हुकूम अधिकाराबाहेरचा आहे हे वरिष्ठांकडून ठरवून घेणे निराळे, आणि ते आपणच ठरवून हुकूम अडविणे निराळे. माल्कम यांनी दुसरी वाट धरली.

स्वतंत्र भारताच्या राज्यघटनेने ही वाट बंद केली. सरकारवरही आज्ञापत्रे काढण्याचा अधिकार कलम २२६ ने उच्च न्यायालयांना दिला. सर्वोच्च न्यायालयाला साहाय्य करणे कलम १४४ ने सर्व अधिकाऱ्यांचे कर्तव्य ठरविले. हुकमाचा बुद्धिपुरस्सर भंग हा १९७१ च्या अधिनियमानुसार अवमान होय. त्याला सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, दोन हजार रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्हीही होऊ शकतात. हुकूम चुकीचा वाटला, तर अपील करावे, स्थगिती मागावी. तोवर तो पाळावा.

कैद आणि दंड ही न्यायाधीशाचा मान राखण्याची साधने आहेत, असा पुष्कळांचा समज असतो. वास्तविक ज्याच्या बाजूने निकाल लागला, पण ज्याच्या पदरात काहीच पडले नाही, त्या सामान्य पक्षकाराचे ते अखेरचे संरक्षण आहे.